घंटीफुलाचं माहेर

जेवताना ह्यांनी मला विचारलं, "भाजीत मीठ घातलंय की नाही, हे तुला कशावरून कळतं?"

"चाखून," मी म्हटलं.

"पण चाखलंय हे कशावरून? चाखलं असं नुसतं वाटलं असेल तर?"

हातातला घास हातातच. तेव्हा मी ओळखलं की प्रकरण हाताबाहेर चाललंय. ह्यांचा स्वभाव असा नाही हो. मीठ कमी पडलं तर गुपचूप वरून घेणारा माणूस हा, मिठावर चर्चा करणारा नव्हे.

आमचे हे म्हणजे मोठ्या बागेतले पाटीवाले. बागेत झाडापुढे खुंटीवर हिरवी पत्र्याची पाटी असते बघा, झाडाचं नाव, कुळ आणि मूळ प्रदेश लिहिलेली, ती हे लिहितात. सहाशे बारा पाट्या, सगळ्या ह्यांच्या हातच्या. पत्रा कातरायचा, कडा कानशीनं घासायच्या, कुणाचं बोट कापायला नको म्हणून. मग अस्तर, मग हिरव्या रंगाचे दोन हात, दोन दिवस वाळवण, आणि मग पांढरी अक्षरं. अक्षरं आधी, शिरोरेषा शेवटी. ती ओढताना श्वास रोखून धरतात. तेव्हा घरात कुणी बोललेलं चालत नाही. एकदा नेमकी त्याच वेळी मला शिंक आली, तर पुढे आठ दिवस मी नुसता पदर नाकाशी नेला तरी हे ब्रश खाली ठेवायचे.

आणि ह्यांचा एक नियम. पाटीवाला डोक्यातून लिहीत नाही, कुठून तरी बघूनच उतरवतो. पाटीच्या मागच्या बाजूला खिळ्यानं कोरून ठेवतात: आधार, नोंदवही, पान अमुक, ओळ तमुक. लग्न झाल्यावर मी विचारलं होतं, मागे कोण बघायला जातंय. तर म्हणाले, "कुणीच नाही. म्हणून तर खरं लिहायचं." आता बोला. नाकासमोर चालणारा माणूस, आणि नाकही सरळ.

मी त्याच बागेत रोपवाटिकेत होते. गुडघे गेले तेव्हा काम सोडलं, पण बाग काही सुटली नाही, कारण कर्मचाऱ्यांच्या खोल्या बागेच्या मागच्या भिंतीला लागूनच. आमच्या खिडकीतून मागचा उतार दिसतो. त्या उतारावर घंटीफुलाची एकेचाळीस झाडं. माणसाच्या डोक्यावरून जाईल एवढं झुडूप, पिवळ्याधमक घंटांचे घोस, फुलं गेली की वीतभर लांब बारीक शेंगा, आणि शेंग उकलली की कागदासारखं पातळ बी वाऱ्यावर निघालं फिरायला. ही एकेचाळीसच्या एकेचाळीस मी लावली. एका डब्यातल्या एका फांदीपासून. पाणी मी घातलं, छाटणी मी केली, एका उन्हाळ्यात नळ बंद पडला तर बादल्या वाहिल्या, आणि गुडघे का गेले हे डॉक्टरला अजून कळलेलं नाही, मला पक्कं ठाऊक आहे. संध्याकाळी मी तिथल्या बाकावर जाऊन बसते. काही करत नाही. नुसती बसते.

तर झालं काय, बागेवर नव्या मॅडम आल्या. हुशार बाई, आवाज चढवत नाहीत, त्यामुळे जास्तच भीती वाटते. त्यांनी सांगितलं की मागचा उतार यापुढे फक्त इथल्या मातीतल्या झाडांचा. बाहेरून आलेली काढायची. "त्यांचं बी पसरतं आणि इथल्या गवताला, झुडपांना जागाच उरत नाही," म्हणाल्या. ऐकून मला वाटलं, आमच्या सासूबाईच उठून आल्या. लग्नानंतर मी कुंड्या घेऊन घरात आले तेव्हा त्या अगदी हेच बोलल्या होत्या.

मॅडमनी दोन याद्या केल्या, राहणारी आणि जाणारी. याद्या कशावरून, तर ह्यांच्या पाट्यांवरून. घंटीफुलाच्या पाटीवर लिहिलंय, 'मूळ प्रदेश: इथल्याच टेकड्यांचे कोरडे उतार.' म्हणजे राहणारी. मी निवांत झाले. खरं सांगायचं तर निवांत झाल्याचं दाखवलं. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय. ते का, ते सांगते पुढे.

आठवड्याभरात बागेत एक म्हातारे गृहस्थ फिरायला आले. जन्मभर बोटीवर इंजिन सांभाळलेले. ते पाटी वाचून हसले आणि मॅडमना म्हणाले, "बाई, हे झाड मी पार समुद्रापलीकडे डोंगरच्या डोंगर व्यापून बसलेलं पाहिलंय. तिथे ते कुणी लावत नाही, आपलं आपण उगवतं." झालं. मॅडमनी ह्यांना ऑफिसात बोलावलं. त्या दिवशी मी ह्यांचा डबा द्यायला गेले होते, म्हणून पुढचं सगळं माझ्या कानांनी ऐकलंय.

"काका, घंटीफुलाचा मूळ प्रदेश तुम्ही कुठून घेतलात?"

"नोंदवहीतून," हे ताठ उभे राहून म्हणाले.

कारकुनानं नोंदवही उघडली. नोंदवहीतही तेच, इथल्याच टेकड्यांचे कोरडे उतार. ह्यांचा चेहरा उजळला. मग मॅडमनी कारकुनाला विचारलं, "ही नोंदवही नवी दिसते. कधी केली?"

"जुनी वाळवीनं खाल्ली, मॅडम. बारा वर्षं झाली. मग मी नवी केली."

"कशावरून?"

"पाट्यांवरून," कारकून म्हणाला, आणि ह्यांच्याकडे बघून हसला. "काकांच्या पाट्या म्हणजे काय, दगडावरची रेघ."

मॅडमनी कपाटातून एका निवृत्त शिक्षकांनी लिहिलेलं बागेतल्या झाडांचं पुस्तक काढलं. त्यातही तेच. प्रस्तावनेत शिक्षकांनी आभार मानले होते: माहिती बागेतल्या पाट्यांवरून घेतली. ह्यांनी भिंतीला हात लावला आणि खुर्चीत बसले. परवानगी न विचारता बसले. उभ्या आयुष्यात पहिल्यांदा.

"मग पहिली पाटी कशावरून?" मॅडमनी हळूच विचारलं.

ह्यांनी बाहेर जाऊन पाटी उपसून आणली आणि उलटी करून टेबलावर ठेवली. मागे खिळ्यानं कोरलेलं, 'आधार: नोंदवही, पान एक्केचाळीस, ओळ सहा.' जुन्या नोंदवहीचं पान. ते पान वाळवीच्या पोटात. आणि पाटी दर सहा वर्षांनी गंजते, तेव्हा हे जुनी पाटी शेजारी ठेवून नवी लिहितात, नोंदवही परत उघडत नाहीत. पाटीवरून पाटी, पाटीवरून वही, पाटीवरून पुस्तक. गोल गोल फिरून सगळे ह्यांच्याच दारात.

मॅडम भल्या. म्हणाल्या, मुख्य ग्रंथालयातून मोठा ग्रंथ मागवते, तो येईपर्यंत पाटीला आणि झाडांना कुणी हात लावायचा नाही. पण ह्यांच्या डोक्यात किडा शिरला तो शिरलाच.

पहिले दोन दिवस एकच घोकत होते: "मी लिहिलं म्हणजे वाचलं असणार. वाचलं म्हणजे तिथे होतं. होतं तर चूक नाही. मग तो बोटीवरचा माणूस खोटं का बोलेल?" तिसऱ्या दिवशी रात्रपाळीच्या माळ्याला विचारलं, चौथ्या दिवशी निवृत्त शिक्षकांच्या घरी जाऊन आले. ते शिक्षक उलट ह्यांनाच विचारायला लागले की चूक असेल तर माझ्या पुस्तकाचं काय करायचं. काखेत कळसा आणि गावाला वळसा. कळसा इथे खोलीत बसून भाजी चिरत होता, त्याच्याकडे कुणी बघेना.

मग ह्यांना बाकीच्या पाट्यांचा संशय यायला लागला. एक चुकली तर सहाशे अकरा बरोबर कशावरून? बागेत पाटीपाटीपुढे उभे राहायचे, आपलंच अक्षर परक्याचं पत्र वाचावं तसं वाचायचे. घरी यायचे ते हरवलेले. कुलूप लावलं का, दोनदा परत जाऊन बघायचं. मला विचारलं, "आपलं लग्न कुठल्या साली झालं?" मी साल सांगितलं. तर म्हणाले, "तुला कशावरून आठवतं?" आता ह्याला काय उत्तर द्यायचं? तेहतीस वर्षं एका छपराखाली काढली, ती काय नोंदवहीत बघून? चिडले मी. नंतर वाईट वाटलं, कारण ते भांडायला विचारत नव्हते. त्यांना खरंच हवं होतं उत्तर.

आणि मग ते मिठाचं.

त्या दिवशी हात धुवायला उठले तेव्हा खुंटीवरच्या सदऱ्याच्या खिशात मला कागद दिसला. मी वाचला. बायकोनं खिसे बघू नयेत म्हणतात, त्या ज्यांच्या नवऱ्याच्या खिशात काही नसतं त्या. मॅडमना अर्ज होता. 'सहाशे बाराही पाट्या काढून घ्याव्यात. लिहिणाऱ्याचा भरवसा राहिलेला नाही. निवृत्तीला तीन महिने आहेत, त्याआधीच मला मोकळं करावं.' प्रत्येक ओळीची शिरोरेषा सरळ, शेवटच्या ओळीची थरथरलेली.

आता सांगते, काय दडवलं होतं.

चौतीस वर्षांपूर्वी मी बागेत नवी होते. दुसऱ्या गावाहून आलेली, ओळखीचं कुणी नाही. थोरल्या माळ्यानं माझ्या हातात एक डबा दिला, त्यात मुळं धरलेली एक फांदी. म्हणाला, "जप हिला, पार समुद्रापलीकडून आलीय. जा, पाटीवाल्याला दाखव, पाटी करायला सांग." रंगाच्या खोलीत हे बसले होते. पुढ्यात नोंदवही उघडी, ह्याच झाडाची ओळ काढलेली, नाव आणि कुळ उतरवून झालेलं, आणि ओळीखाली लाकडी फूटपट्टी ठेवलेली, म्हणजे नजर चुकायला नको. डबा ठेवायला जागाच नव्हती, सगळीकडे ओला रंग. मी ठेवला तो सरळ वहीवर. पानावर चिखलाचा गोल उठला. मी घाबरून डबा उचलला, बाहीनं चिखल पुसला, त्यात पट्टी हलली. मी ती परत जागेवर ठेवली. जागेवर म्हणजे मला वाटलं त्या जागेवर. हे बघत होते, पण वहीकडे नव्हे. माझ्याकडे. ते तोंड अजून आठवतं मला. उघडंच राहिलं होतं.

पंधरा दिवसांनी पाटी लागली. मी वाचली, इथल्याच टेकड्या. माळ्यानं तर समुद्रापलीकडचं सांगितलं होतं. मला लगेच कळलं, पट्टी एक ओळ खाली बसली आणि पुढच्या झाडाचं माहेर माझ्या झाडाला लागलं. सांगितलं नाही. पहिल्या वर्षी भीती वाटली, नोकरी जाईल म्हणून. दुसऱ्या वर्षी लग्न झालं, लाज वाटली. मग सवय झाली. आणि हेही सांगून टाकते, मला ते वाचायला बरं वाटायचं. शेजारणी अजून मला 'ती तिकडची' म्हणतात. चौतीस वर्षं झाली, केस पिकले, तरी तिकडचीच. निदान माझी झाडं तरी पाटीवर इथली होती.

आता मात्र इकडे आड, तिकडे विहीर. बोलले तर एकेचाळीस झाडांवर कुऱ्हाड. गप्प राहिले तर हा माणूस स्वतःच्या हाताला घाबरत म्हातारा होणार.

मी अर्ज हातात घेऊनच बाहेर आले. म्हटलं, "बसा. चूक तुमची नाही." आणि डबा, चिखल, बाही, पट्टी, सगळं सांगितलं. फक्त थोरल्या माळ्याचं बोलणं गिळून टाकलं. अर्धं खरं बोलले. ह्यांचं डोकं ठिकाणावर येईल आणि झाडंही राहतील, असा माझा हिशेब.

मी वाट बघत होते, आता चिडतील, आता म्हणतील चौतीस वर्षं गप्प बसलीस.

"पट्टी वर सरकली की खाली?" ह्यांनी विचारलं.

"खाली."

"म्हणजे सातवी ओळ. सातवं झाड डोंगरी झुडूप, ते इथलंच आहे. म्हणजे त्याची पाटी बरोबर." बोटं मोजत होते. "पुढच्या पानांना मी पट्टी नव्यानं लावली. म्हणजे बाकीच्या सहाशे अकराही बरोबर." आणि माझ्याकडे बघून असे हसले की मला कसंसंच झालं. "मी चुकलो नव्हतो. मी तुझ्याकडे बघत होतो."

अर्ज त्यांनी चार घड्या घालून डगमगणाऱ्या टेबलाच्या पायाखाली सरकवला. मग म्हणाले, "सहाव्या ओळीत काय होतं गं? तू पुसताना पाहिलं असशील."

"मला कुठलं माहीत," मी म्हटलं. आणि आत जाऊन उगाच भांडी आपटली. रागावले नाहीत म्हणून मीच रागावले होते. माणसानं रागवायच्या वेळी रागवावं, म्हणजे समोरच्याला सुटल्यासारखं वाटतं.

चार दिवसांनी ग्रंथ आला. उशीएवढा जाड. मॅडम दौऱ्यावर निघाल्या होत्या. त्यांनी ग्रंथ ह्यांच्याच हातात दिला. "काका, तुम्हीच बघा आणि पाटी करा. परवा ग्रंथ परत जायचाय. पाटी जे म्हणेल ते मला मान्य." उतार साफ करायला माणसं सोमवारी यायची होती.

हिरवा पत्रा वाळून तयार होता. हे दाराशी उजेडाला बसले, हात टेकायची काठी लावली, पांढऱ्या रंगात ब्रश बुडवला. फूटपट्टी शेजारीच पडली होती, तिला हातही लावला नाही.

"पट्टी नको आता," म्हणाले. "तू ओळीवर बोट ठेव आणि वाच. मी लिहितो."

मी ग्रंथ मांडीवर घेतला. पान सापडलं, ओळ सापडली, बोट ठेवलं. नाव वाचलं, त्यांनी लिहिलं. कुळ वाचलं, त्यांनी लिहिलं.

"मूळ प्रदेश?"

त्यांची नजर पत्र्यावर, ब्रश टेकवलेला. ग्रंथाकडे त्यांनी एकदाही पाहिलं नाही. मी म्हणेन ते लिहिणार होते. 'इथल्याच टेकड्यांचे कोरडे उतार.' तोंडपाठ होतं मला, पाच शब्दसुद्धा नाहीत. नुसतं म्हणायचं होतं. खिडकीतून उतार दिसत होता, पिवळा फुललेला. हा माणूस मीठ चाखून बघायलाही घाबरत होता चार दिवसांपूर्वी, आणि आता माझ्या तोंडाकडेही न बघता ब्रश टेकवून बसला होता.

"मेक्सिकोपासून," मी म्हटलं.

ब्रश थांबला. मग हलकेच म्हणाले, "पुढे?"

"दक्षिणेकडे अर्जेंटिनापर्यंत."

त्यांनी सगळं लिहिलं. शिरोरेषा ओढली. मीही श्वास रोखून धरला होता, आता ह्याचा काय उपयोग होता देव जाणे. ब्रश पुसता पुसता म्हणाले, "चाळीस आहेत ना?"

"एकेचाळीस."

"पाटीसाठी एक राहील."

मग मी तेही सांगितलं, माळ्याचं. मला पहिल्या दिवसापासून माहीत होतं, हेही. त्यांनी ऐकलं, आणि टर्पेंटाइनच्या बाटलीचं बूच लावत म्हणाले, "माहीत असल्याशिवाय कुणी एवढी भांडी आपटत नाही."

सोमवारी मी पडदा ओढून घेतला. कुऱ्हाडीचा आवाज काही पडद्याला अडत नाही. दुपारी थांबला. दोन दिवस मी गेले नाही. तिसऱ्या दिवशी गेले, गुडघ्याला सांभाळत. उतार उघडा, नुसते बुंधे, ओली माती. मॅडमच्या माणसांनी इथल्या झुडपांची इवलीइवली रोपं ओळीनं लावायला घेतली होती. त्यांची काय चूक? त्यांनाही जागा हवीच. एका माणसानं एक रोप तिरकं लावलं होतं, ते मी काठीनं सरळ केलं, आणि मग स्वतःचाच राग आला.

बाकाजवळचं एक घंटीफूल तेवढं ठेवलं होतं. त्याच्यापुढे नवी पाटी. मी वाचली नाही, वाचून काय करायचं होतं. पण खुंटीला वळसा घालून मागे गेले. तिथे खिळ्यानं कोरलेलं होतं, 'आधार: ग्रंथ, पान सातशे तीन.' त्याखाली, 'वाचून दाखवलं: हिनं.'

हिनं म्हणे. कोण ही, कुणाची ही, पन्नास वर्षांनी कुणाला कळणार आहे? सरकारी पाटी ती. मी बाकावर बसले आणि रडले. चाळीस झाडांसाठी की त्या एका शब्दासाठी, ते मला अजूनही धड सांगता येत नाही.